'डाग' हा शब्द रद्द समजून त्या जागी 'ठिपका' असे वाचण्यात यावे याबाबत

प्रति,
मा. अधीक्षक साहेब,
नोंद-दुरुस्ती शाखा, तिसरा मजला,
अवकाश-दुर्बीण छायाचित्र केंद्र.

अर्जदार : वरिष्ठ स्वच्छक, प्रतिमा-स्वच्छता विभाग, दुसरा मजला, खोली क्र. २०७.

दिनांक : १४ मार्च.

विषय : छायाचित्र क्र. ४१७/ब (प्रचलित नाव 'चाळण') मधून सात वर्षांपूर्वी पुसण्यात आलेला एक डाग हा डाग नव्हता, असे नोंदीत घेणेबाबत. तसेच सदर छायाचित्राच्या मूळ फेऱ्या ३१ मार्च रोजी नष्ट न करणेबाबत.

संदर्भ : १) माझा अर्ज, दि. ९ जानेवारी (आवक शिक्का नसल्याने परत).
२) माझी तक्रार, नमुना ग, दि. २२ जानेवारी, व त्यावरील सुनावणीचा निकाल.
३) प्रवेशदालनातील चित्र विद्रूप केल्याबद्दल मला मिळालेली नोटीस, दि. ३ मार्च.
४) आपले पत्र, दि. ७ मार्च.

महोदय,

उपरोक्त विषयास अनुसरून सविनय सादर करतो की, मी या केंद्रात एकतीस वर्षे नोकरीस असून अवकाशातील दुर्बिणींनी पाठवलेली छायाचित्रे पुसण्याचे काम करतो. केंद्रात मला माझ्या नावाने फारसे कोणी ओळखत नाही. 'पुसण्या' म्हटले की शिपायापासून संचालकांपर्यंत सर्वांना कळते. आपणही वार्षिक बैठकीत मला त्याच नावाने हाक मारली होती. त्याबद्दल माझी तक्रार नाही. या अर्जातली तक्रार माझ्याविरुद्ध आहे आणि ती मीच करीत आहे.

१. आपली शाखा कागदपत्रांची असल्यामुळे आमच्या कामाची थोडी माहिती देणे भाग आहे. दुर्बीण पृथ्वीबाहेर फिरत असते. तिच्या डोळ्यावर आकाशातले किरण पडतात, तसेच अवकाशात भटकणारे वेगवान कणही येऊन आपटतात. कण आपटला की चित्रात एक पांढरा बिंदू उठतो. तो आकाशात नसतो, फक्त चित्रात असतो. आमच्याकडे त्याला 'डाग' म्हणतात. जो बिंदू खरोखरच आकाशात आहे त्याला 'ठिपका' म्हणतात. दिसायला दोघे सख्खे भाऊ. डाग पुसायचा आणि ठिपका ठेवायचा, एवढेच माझे काम आहे.

२. दोघांतला फरक ओळखण्याचा नियम सोपा आहे. दुर्बीण एकाच जागेचे चित्र तीनदा घेते. त्यांना आम्ही फेऱ्या म्हणतो. कण काही तिन्ही वेळा नेमका त्याच जागी आपटत नाही. म्हणून बिंदू एकाच फेरीत दिसला तर डाग, तिन्हींत दिसला तर ठिपका. प्रत्येक बिंदूसाठी तिन्ही फेऱ्या उघडून पाहायच्या आणि पडद्यावरच्या तीन चौकटींत 'पाहिले' अशी खूण करायची. नोंदवहीत मात्र डागांची फक्त संख्या लिहितात. कोणता डाग कुठे होता हे कोणी लिहून ठेवत नाही. केराचा पत्ता कोण लिहून ठेवतो?

३. छायाचित्र क्र. ४१७/ब हे एका फुटलेल्या ताऱ्याच्या अवशेषांचे आहे. तारा फुटला तेव्हा त्याचे बाहेरचे थर चहूकडे फेकले गेले आणि ते अद्याप पसरत आहेत. दोन दुर्बिणींनी ते टिपले, एकीने क्ष-किरणांत आणि दुसरीने उष्णतेत. क्ष-किरणांना आम्ही निळा रंग देतो आणि उष्णतेला तांबडा, कारण माणसाच्या डोळ्याला यांतले काहीच दिसत नाही. दोन्ही चित्रे एकावर एक ठेवली की भोकाभोकांचे एक गोल कवच दिसते, म्हणून केंद्रात त्याला 'चाळण' म्हणतात. मध्ये पोकळी आहे. शास्त्रज्ञांना चाळणीविषयी एकच मोठा प्रश्न होता, की ताऱ्याचा गाभा मागे उरला आहे की तोही गेला. उरला असल्यास क्ष-किरणांत तो पोकळीत कुठेतरी बारीकशा बिंदूसारखा दिसायला हवा होता. हे मला तेव्हा पूर्णपणे माहीत होते. अजाणतेपणी घडले असे म्हणायची पळवाट मला नाही.

४. तो सोमवार होता. केंद्राचा वर्धापनदिन तोंडावर आला होता, चाळणीचे भव्य चित्र प्रवेशदालनात लावायचे ठरले होते आणि छपाईवाले माझ्या खोलीबाहेर बाकावर बसून घड्याळ पाहत होते. क्ष-किरणांच्या चित्रात एकूण चारशे बारा बिंदू संशयित होते. पहिल्या साठ-सत्तरांच्या तिन्ही फेऱ्या मी नियमाने पाहिल्या. ते सगळे डाग निघाले. पुढे हात सरावला. पहिली फेरी पाहायची, उरलेल्या दोन न उघडताच तिन्ही चौकटींत खुणा करायच्या आणि पुढे जायचे. अशा रीतीने मी पोकळीतल्या त्या बिंदूपर्यंत आलो. साहेब, डाग एका झटक्यात जातो. हा गेला नाही. यंत्राने 'पुन्हा तपासावे' अशी सूचना दाखवली. मी 'पुढे' दाबले आणि तो दुसऱ्यांदा पुसला. नोंदवहीत लिहिले, 'डाग : ४१२'. छपाईवाले खूश होऊन गेले.

५. माझ्या खोलीसमोर तेव्हा पहिल्या वाचनाची खोली होती. दुर्बिणीकडून आलेले चित्र पुसायला जाण्यापूर्वी तिथे एकदा नजरेखालून घालतात. ते काम एक बाई करीत. पडद्यावर चित्र हवे तेवढे मोठे करण्याची सोय असताना त्या ते कागदावर छापून घेत आणि हातातल्या भिंगाने पाहत, म्हणून सगळे त्यांना भिंगवाल्या बाई म्हणत. पाहून झालेला कागद नियमाप्रमाणे त्याच दिवशी फाडून टाकावा लागे. बाईंनी सोमवारी सकाळीच तो बिंदू पाहिला होता आणि वहीत पेन्सिलीने त्याची जागा लिहून ठेवली होती. शिवाय त्याच्या अकरा वर्षे आधीच्या एका जुन्या चित्रात त्यांना जवळपास तिथेच एक अंधूक खूण सापडली होती, पण चाळणीच्या मध्याला किंचित अधिक जवळ. म्हणजे अकरा वर्षांत ती वस्तू मध्यापासून बाहेरच्या बाजूला सरकली होती. बाईंचे म्हणणे असे, की ताऱ्याचा गाभा शाबूत आहे, फक्त स्फोटाच्या धक्क्याने भिरकावला गेला आहे आणि अजून चालतोच आहे.

६. पुसून झालेले चित्र बुधवारी त्यांनी छापून पाहिले आणि तो कागद घेऊन त्या थेट माझ्या दारात आल्या. त्या मला भाऊ म्हणत. त्यांचे शब्द मला जसेच्या तसे आठवतात : "भाऊ, खरं सांगा हं, मी रागावणार नाही. या मधल्या पोकळीत तुम्ही काही पुसलंत का?" मी म्हणालो, "नाही." त्यांनी माझ्याकडे पाहिले, मग हातातल्या कागदाकडे पाहिले आणि म्हणाल्या, "बरं. मग मलाच काहीतरी भास झाला असेल. पुन्हा बघते." जाताना दार हळूच ओढून घेतले. रागावल्या असत्या तर बरे झाले असते.

७. माझ्या लक्षात नसेल म्हणून मी 'नाही' म्हणालो, असे आपण उदारपणे समजाल. तसे समजू नये. त्याच दुपारी, मूळ फेऱ्या भांडारात मोहोरबंद होण्यापूर्वी, मी दार आतून लावून दुसरी फेरी उघडली. बिंदू होता. तिसरी उघडली. होता. मग न पाहिलेले बाकीचे सगळे बिंदूही तिन्ही फेऱ्यांत तपासले, ते मात्र डागच निघाले. बाईंची खोली माझ्या दारापासून सहा पावलांवर होती. मी त्या दिवशी आठ-दहा वेळा दारापर्यंत गेलो आणि परत येऊन खुर्चीवर बसलो. चित्र छापून झाले होते. चोवीस वर्षांत माझ्या नावावर एकही चूक नव्हती आणि मला त्याचा फार तोरा होता. दुसरे कारण शोधूनही सापडत नाही.

८. पुढे बाईंनी समितीकडे फेरतपासणी मागितली. आपणास ठाऊकच आहे की, मोहोरबंद झालेल्या मूळ फेऱ्या स्वच्छकाने 'पुसताना चूक झाली' असे लिहून दिल्याशिवाय उघडता येत नाहीत. असे लिहून देऊ शकणारा माणूस जगात एकच होता. समितीने त्याला लेखी विचारले आणि त्याने लेखी कळवले : 'नाही. तिन्ही फेऱ्या पाहिल्या आहेत.' यातले दुसरे वाक्य तोपर्यंत खरे झाले होते, म्हणून मी ते मुद्दाम घातले. खोटे बोलताना माणूस किती नीटनेटके लिहितो याचा तो कागद उत्तम नमुना असून सोबत जोडला आहे. समितीने बाईंच्या सेवापुस्तकात शेरा मारला, 'वयोमानानुसार दृष्टिदोष संभवतो. यापुढे यांचे निरीक्षण विश्वासार्ह धरू नये.' त्यांची बदली तळमजल्यावर आवक खिडकीवर झाली. मला वर्धापनदिनी 'निर्दोष स्वच्छता' असे प्रशस्तिपत्र मिळाले. ते पत्नीने हौसेने बैठकीच्या खोलीत लावले आहे आणि मी सात वर्षे त्याच्याकडे पाठ करून चहा पितो.

९. चाळणीचे चित्र प्रवेशदालनात आहे, मला रोज सकाळी त्याखालून जावे लागते. त्याखालच्या पाटीवर लिहिले आहे, 'या ताऱ्याचे मागे काहीही उरले नाही.' शाळांच्या सहली येतात तेव्हा माहिती देणाऱ्या मॅडम काठी लावून पोकळी दाखवतात आणि म्हणतात, "बघा मुलांनो, एवढा मोठा तारा, पण आत शोधून सापडणार नाही!" मुले मान डोलावतात. मी डबा हातात घेऊन जिन्याच्या कठड्याला धरून उभा असतो. आता ते वाक्य पाठ्यपुस्तकात गेले आहे असे ऐकतो.

१०. या प्रकरणाचा माझ्या कामावर काय परिणाम झाला हेही नोंदवणे प्रामाणिकपणाचे ठरेल. त्यानंतर माझा हात पुसायला धजत नाही. एकेक बिंदू तीनदा, सहादा, नऊदा पाहतो आणि शेवटी राहू देतो. गेल्या वर्षी मी पुढे पाठवलेल्या एका चित्रात सहाशेच्या वर डाग तसेच राहिले आणि दूरच्या एका अभ्यासकांनी त्यांतल्या एकावर शोधनिबंध लिहिला. त्याबद्दल मला समज मिळाली, ती योग्यच होती. घरीही तीच गत. पत्नी म्हणते, "अहो, पुसण्याचा पगार घेता आणि घरात टेबलावर सांडलेला चहा पुसत नाही, याला काय म्हणायचं?" तिला मी अद्याप काही सांगितलेले नाही. ती प्रशस्तिपत्राची काच दर रविवारी पुसते.

११. इतकी वर्षे गप्प राहून आताच का बोलतो, असा प्रश्न आपल्या शाखेच्या पत्रातही आहे. कारण पुढीलप्रमाणे. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात मी आवक खिडकीपाशी रजेचा कागद द्यायला गेलो होतो. भिंगवाल्या बाईंकडे आता भिंग नसते. त्या लिफाफ्यांवर क्रमांक टाकतात. त्यांनी एक लिफाफा माझ्यापुढे धरून विचारले, "भाऊ, हा एक आहे का सात? माझ्या डोळ्यांचा काही भरवसा नाही बाई." तो सात होता. ठळक, छापील, बोटभर उंचीचा सात. मी "सात" म्हणालो. शेजारच्या टेबलावरची मुलगी हसत म्हणाली, "काका, या प्रत्येक आकडा मला विचारून लिहितात. चार वेळा चष्मा बदलला. डॉक्टर म्हणतात डोळे ठणठणीत आहेत, तरी यांचा विश्वास नाही." बाई म्हणाल्या, "डॉक्टरांचं काय जातं? डोळे ठणठणीत असतील तर मग मला तेव्हा दिसलं ते काय होतं?" आणि सात लिहून पुढचा लिफाफा घेतला. मी रजेचा कागद न देताच वर आलो.

१२. साहेब, चारशे बारांतल्या चारशे अकरा डागांबद्दल मला काही वाटत नाही. ज्या बाईंना हजारो बिंदूंतून एक खरा बिंदू डोळ्यांनी दिसला, त्यांना आज छापील आकडा दिसत असूनही खरा वाटत नाही. मी चित्रातून ठिपका पुसला असे मी सात वर्षे समजत होतो. पुसले ते दुसरेच काही.

१३. दि. ९ जानेवारी रोजी मी सर्व हकिगत लिहून कागद आपल्या टेबलावरील टोपलीत स्वतः ठेवला. तो आवक शिक्का नाही म्हणून परत आला. सोबत असेही कळवण्यात आले की, कर्मचाऱ्याने स्वतःविरुद्ध अर्ज करण्यासाठी नमुना उपलब्ध नाही. म्हणून मी नमुना ग, म्हणजे 'एका कर्मचाऱ्याची दुसऱ्या कर्मचाऱ्याविरुद्ध तक्रार', भरून तक्रारपेटीत टाकला, कारण पेटीला शिक्का लागत नाही. दोन्ही रकान्यांत माझेच नाव पाहून आपले लिपिक खाली येऊन विचारून गेले, "तुमचं तुमच्याशी काही भांडण झालंय का? घरी सगळं ठीक ना?" सुनावणीच्या दिवशी मला तक्रारदाराच्या खुर्चीवर बसवण्यात आले. समोरची खुर्ची ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याच्यासाठी रिकामी होती. मी उठून तिकडे बसायला गेलो तर तक्रारदाराने जागा सोडू नये अशी ताकीद मिळाली. तीनदा नाव पुकारून झाल्यावर निकाल लिहिला गेला : 'तक्रारदार हजर. ज्याच्याविरुद्ध तक्रार तो गैरहजर. प्रकरण निकाली.' त्या निकालात चूक काढता येत नाही. बाईंनी विचारले तेव्हाही तो गैरहजरच होता.

१४. आता दि. ३ मार्चच्या नोटिशीबद्दल. प्रवेशदालनातील चित्रावर शाईचा ठिपका मी मारला, हे खरे आहे. तो मौजेखातर मारलेला नाही. डाव्या कडेपासून एकसष्ट आणि वरच्या कडेपासून अडतीस सेंटिमीटर मोजून, शिडीवर चढून, पांढऱ्या शाईने मारला. ती जागा मला पाठ आहे. दुसऱ्या दिवशी सफाई करणाऱ्या मावशींनी तो पुसला. मी पुन्हा मारला. त्यांनी पुन्हा पुसला. तिसऱ्यांदा मी शिडीवर असताना त्यांनी मला पकडले आणि कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "वर तुम्ही पुसता, खाली मी पुसते, आणि घाण करणारेही तुम्हीच? मग मला कशाला ठेवलंय?" मी त्यांना म्हणालो, मावशी, हा डाग नाही, ठिपका आहे. त्या म्हणाल्या, "मला दोन्ही सारखंच दिसतं." त्यांचे बरोबर आहे. त्यांना तिन्ही फेऱ्या पाहण्याचे काम नाही, मला होते. नोटिशीत म्हटले आहे की मी चित्र विद्रूप केले. चित्र सात वर्षांपूर्वीच विद्रूप झाले आहे, तेही मीच केले, आणि त्याबद्दल मला अद्याप नोटीस आलेली नाही. ती यावी ही विनंती.

१५. नियमाप्रमाणे मूळ फेऱ्या सात वर्षे जपून ठेवतात आणि नंतर, पुसलेली प्रत उपलब्ध असल्याने, कायमच्या खोडून टाकतात. छायाचित्र क्र. ४१७/ब च्या फेऱ्यांची मुदत ३१ मार्चला संपते. ती संपली की बाईंनी पाहिलेल्या बिंदूचा पुरावा फक्त दोन ठिकाणी उरेल, त्यांच्या वहीतली पेन्सिलीची खूण आणि माझी आठवण. त्यांच्या वहीवर समितीने विश्वास ठेवला नाही. माझ्या आठवणीवर कोणी ठेवू नये. जुन्या चित्रातली अंधूक खूण एकटी काहीच सिद्ध करीत नाही. नव्या निरीक्षणाची मागणी जुन्या पुराव्याशिवाय विचारात घेतली जात नाही, हे आपण जाणताच. ताऱ्याचा गाभा आपल्या वाटेने चालत राहीलच, पण तो तिथे आहे हे कोणी पाहिले होते, याला मग काहीच आधार राहणार नाही.

१६. सबब विनंती की, हा अर्ज म्हणजेच 'पुसताना चूक झाली' असे स्वच्छकाने लिहून दिलेले पत्र समजून मूळ फेऱ्या खोडण्याचे काम तातडीने थांबवावे आणि त्या उघडाव्यात. उघडताना भिंगवाल्या बाईंना समोर बसवावे आणि पहिली नजर त्यांचीच असावी. 'डाग : ४१२' ऐवजी 'डाग : ४११, ठिपका : १' असे वाचण्यात यावे. सेवापुस्तकातला शेरा बाईंच्या पानावरून काढून माझ्या पानावर घ्यावा. त्यातील 'वयोमानानुसार' हा शब्द तेवढा वगळावा, कारण मी जे केले त्यात वयाचा काही दोष नव्हता. पाटीवरील 'काहीही उरले नाही' हे वाक्य खोडावे. प्रशस्तिपत्र मी परत करीत आहे. यापुढे मला काय शिक्षा द्यायची ते आपण ठरवावे. तिच्याविरुद्ध मी अर्ज करणार नाही.

१७. आपल्या दि. ७ मार्चच्या पत्रात स्पष्ट म्हटले आहे की, असा अर्ज केवळ आवक खिडकीतून, शिक्क्यासह आल्यासच विचारात घेतला जाईल. यापूर्वीचे दोन्ही कागद मी आडमार्गाने का आणले, याचा खुलासा करणे लाजिरवाणे आहे, तरी करतो. आवक खिडकीवर नियम असा की, आलेला प्रत्येक अर्ज तेथील लिपिकाने अथपासून इतिपर्यंत वाचून, विषय वहीत लिहून, मगच शिक्का मारायचा. तिथे भिंगवाल्या बाई बसतात. आपल्याला, समितीला, तक्रारपेटीला, मोकळ्या खुर्चीला, भिंतीवरच्या चित्राला हे सगळे सांगायला मी तयार होतो. फक्त त्यांना सांगायची वेळ येऊ नये एवढी खटपट करीत होतो. माझा पश्चात्ताप किती खरा आणि किती भेकड, हे आपल्याला यावरून कळेल. गेले चार दिवस मी हा अर्ज खिशात घेऊन तळमजल्यापर्यंत उतरतो आणि रांगेत माझ्यापुढे कोणी नसले की परत वर येतो. आज मात्र मुदतीला सतरा दिवस उरले आहेत. हा अर्ज मी त्यांच्या हातात देत आहे, आणि आपल्यापूर्वी तो त्या वाचतील.

तरी वरील सर्व मजकूर मी शुद्धीवर राहून, कोणाच्याही दडपणाखाली न येता, सात वर्षे उशिरा लिहून देत आहे, याची नोंद व्हावी.

आपला नम्र व कसूरदार,
(सही)
वरिष्ठ स्वच्छक, खोली क्र. २०७

सोबत :
१) समितीस दिलेले माझे खोटे उत्तर, सहीनिशी, एक पान.
२) नमुना ग वरील सुनावणीचा निकाल.
३) 'निर्दोष स्वच्छता' प्रशस्तिपत्र, मूळ प्रत. (चौकट व काच काढून. वरील मुद्दा १० लिहून झाल्यावर, काल, पत्नीस सर्व सांगितले. काच तिनेच काढून दिली.)
४) पोकळीतील बिंदूची जागा, दुसऱ्या व तिसऱ्या फेरीत मी स्वतः पाहिल्याप्रमाणे.

टीप, आवक खिडकीसाठी :

बाई, हे तुम्हाला साहेबांच्या आधी सांगायला हवं होतं, आणि तोंडानं सांगायला हवं होतं. जमलं नाही. इथवर वाचलं असेल तर सगळं कळलंच असेल. शिक्का नाही मारलात तर हा कागद वर जाणार नाही, मग कोणाला काही कळणार नाही. ते तुमच्या हातात आहे आणि मी त्याला काही म्हणणार नाही. मी खिडकीच्या बाहेर उभा आहे, मान वर करून बघितलंत तर दिसेन. फक्त शेजारच्या मुलीला काही विचारू नका. या कागदावर जे दिसतंय ते बरोबर दिसतंय, बाई. तेव्हाही बरोबरच दिसलं होतं.